खोगीर कोणाचे? हंटरवाली, हार्लेमचे काऊबॉय आणि १९३० चे दशक

#थ्रेड

१/ १९३५ साली मुंबईत ‘हंटरवाली’ प्रदर्शित झाला. चेहऱ्यावर मुखवटा, हातात चाबूक आणि घोड्यावर भक्कम मांड ठोकून बसलेली स्त्री, असे त्याचे दृश्य होते. दोनच वर्षांनी, १९३७ साली, अमेरिकेत ‘हार्लेम ऑन द प्रेअरी’ हा चित्रपट आला. त्यातला नायक, नायिका, खलनायक आणि विदूषक हे सगळेच कृष्णवर्णीय होते. प्रतिष्ठित समीक्षेने या जातकुळीच्या चित्रपटांना स्वस्तातली खोगीरभरती मानले. खोगिरावर बसण्याचा अधिकार कोणाचा, हा प्रश्न मात्र दोन्हीकडे उभा राहिला होता.

२/ तो प्रश्न आपल्याकडे नुसता पडद्यावरचा नव्हता. परभणीजवळच्या पिंगळीसारखी गावे त्या काळी निजामाच्या हैदराबाद संस्थानात होती; पश्चिमेकडचा मराठी मुलूख ब्रिटिशांकडे वा लहानमोठ्या संस्थानिकांकडे. अंमल कोणाचाही असो, गावगाड्यात घोडा हे मानाचे चिन्ह होते. तो पाटील-देशमुखांच्या दारात शोभे. अस्पृश्य मानल्या गेलेल्या जातीतला नवरदेव घोड्यावर बसला, तर वरात अडवली जाण्याचे भय असे. तशा बातम्या देशाच्या काही भागांतून आजही येतात.

३/ मराठी माणसाने पडद्यावर पाहिलेला घोडा आरंभी इतिहासातून आला. कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने १९२३ मध्ये ‘सिंहगड’ हा मूकपट काढला. त्यात शेलारमामाच्या भूमिकेत तरुण व्ही. शांताराम होते. ऐतिहासिक पटांतला स्वार हा सरदार असे वा छत्रपतींचा मावळा. त्याच्या खोगिरामागे बखरींचे आणि पोवाड्यांचे पाठबळ होते, म्हणून त्याला कोणी उथळ म्हटले नाही.

४/ दुसरा घोडा समुद्रापलीकडून आला. १९१० आणि १९२० च्या दशकांत अमेरिकी साहसमालिकांनी भारतीय शहरांतील प्रेक्षकांना वेड लावले. एडी पोलो, पर्ल व्हाइट, डग्लस फेअरबँक्स ही नावे गिरणगावातही ठाऊक होती. संवाद नसल्यामुळे भाषेचा अडसर नव्हता. धावती आगगाडी, कड्यावरून उडी, दुष्टांना चोप आणि शेवटी न्याय: एवढे कळण्यासाठी साक्षर असावे लागत नव्हते. पिटात बसणारा कामगार हा या चित्रपटांचा खरा आश्रयदाता होता.

५/ जे. बी. एच. वाडिया हे अशा चित्रपटांचे निस्सीम चाहते. सुरतेहून मुंबईत आलेल्या नामांकित जहाजबांधणी घराण्यातला हा उच्चशिक्षित पारशी तरुण बँकेची नोकरी सोडून चित्रपटात शिरला, तेव्हा घरच्यांना ते रुचण्याजोगे नव्हते. धाकटा भाऊ होमी याच्यासह त्याने मूकपटाच्या अखेरच्या काळात ‘दिलेर डाकू’ (१९३१) आणि ‘तूफान मेल’ (१९३२) असे स्टंटपट काढले. ‘दिलेर डाकू’ हा फेअरबँक्सच्या झोरोच्याच मुशीतून काढलेला होता. १९३३ मध्ये वाडिया मूव्हीटोनची स्थापना झाली. परळचा वडिलोपार्जित ‘लवजी कॅसल’ हाच त्यांचा स्टुडिओ बनला.

६/ १९०८ साली ऑस्ट्रेलियातील पर्थ येथे जन्मलेली मेरी इव्हान्स बालपणीच भारतात आली. वडील ब्रिटिश सैन्यातले. ते पहिल्या महायुद्धात मारले गेले. मेरी वायव्य सरहद्द प्रांतात घोडेस्वारी शिकली. पुढे तिने दुकानात नोकरी केली, नृत्यपथकात आणि सर्कशीत काम केले आणि अखेर ती वाडियांकडे पोहोचली. ‘नाडिया’ हे नाव तिने आधीच घेतले होते. जे. बी. एच. यांनी तिला ‘नंदादेवी’ हे नाव आणि काळ्या केसांचा टोप सुचवला. तिने दोन्ही नाकारले.

७/ ‘हंटरवाली’ला सुमारे ८० हजार रुपये खर्च आला. एका नवख्या, सोनेरी केसांच्या नायिकेवर एवढी रक्कम लावणे हा जुगार होता. वितरक कचरले, तेव्हा निर्मात्यांनी चित्रपट स्वतःच प्रदर्शित केला. कथा साधीच आहे: दुष्ट वजीर राजाला कैद करतो आणि राजकन्या माधुरी मुखवटा चढवून गरिबांची कैवारी होते. चित्रपट २५ आठवडे चालला. बाजारात हंटरवालीच्या नावाचे चाबूक आणि पट्टे विकले जाऊ लागले. त्यांतून निर्मात्यांना छदामही मिळाला नाही; पण लोकप्रियतेची याहून भरवशाची पावती नाही.

८/ वाडियांच्या चित्रपटांपैकी ‘डायमंड क्वीन’ (१९४०) हा अमेरिकी वेस्टर्नच्या सर्वांत जवळ जातो. गुंडांच्या तावडीत सापडलेले एक गाव, मुंबईहून शिकून परतलेली मधुरिका आणि तिच्या साथीला दिलदार डाकू, अशी त्याची मांडणी. मारामाऱ्यांच्या अधूनमधून नायिका स्त्रीस्वातंत्र्यावर आणि साक्षरतेवर बोलते. उपदेश प्रेक्षकाच्या गळी उतरतो, कारण ती नुकतीच चार दांडगटांना आडवे करून आलेली असते.

९/ नाडियाने पुरुषाला खांद्यावर उचलून फेकले, हे त्या काळी थोडेथोडके नव्हते. पण तिच्या वर्णाचा विचार टाळता येत नाही. भारतीय कुलीन घरातल्या नटीने तोकड्या कपड्यांत घोडा दामटला असता, तर गहजब झाला असता. नाडिया गोरी होती, परकी होती, म्हणून समाजाने तिला सूट दिली. खोगीर स्त्रीला मिळाले खरे. मात्र ‘आपल्या’ स्त्रीला ते मिळण्याआधी परकीच्या अंगावर आजमावून पाहिले गेले.

१०/ ज्या वेस्टर्नच्या साच्यावरून मुंबईने आपला साहसपट बेतला, त्या साच्यातच एक मोठी गाळलेली जागा होती. हॉलिवूडचा काऊबॉय गोरा असे. प्रत्यक्षात १९ व्या शतकाच्या उत्तरार्धात टेक्सासपासून उत्तरेकडे गुरांचे तांडे हाकणाऱ्यांत कृष्णवर्णीय मोठ्या संख्येने होते; चारातला एक, असा अनेक इतिहासकारांचा अंदाज आहे. गुलामीतून सुटलेल्या माणसाला घोडा आणि गुरे राखण्याचे कसब हाच जगण्याचा आधार झाला. पडद्याने त्याला पुसून टाकले.

११/ बिल पिकेट हे त्या पुसल्या गेलेल्यांपैकी एक. १८७० साली टेक्सासमध्ये जन्मलेल्या या काऊबॉयने धावत्या घोड्यावरून उडी घेऊन बैलाला शिंगांनी लोळवण्याचा ‘बुलडॉगिंग’ हा खेळ प्रसिद्धीस आणला. फ्लोरिडातील जॅक्सनव्हिलच्या नॉर्मन कंपनीने १९२० च्या दशकाच्या आरंभी त्याला घेऊन ‘द बुल-डॉगर’ आणि ‘द क्रिमसन स्कल’ हे मूकपट काढले. चित्रण ओक्लाहोमातील बोली येथे झाले. बोली हे कृष्णवर्णीयांनी वसवलेले आणि त्यांनीच चालवलेले गाव होते. ‘द बुल-डॉगर’चे आज केवळ तुकडे उरले आहेत.

१२/ ऑस्कर मिशो हे स्वतः साउथ डकोटात जमीन कसणारे शेतकरी. आपल्याच कादंबरीवरून त्यांनी १९१९ मध्ये ‘द होमस्टेडर’ काढला. कृष्णवर्णीय दिग्दर्शकाचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट म्हणून त्याची नोंद होते. तोही आज उपलब्ध नाही. ती जमीन लाकोटा लोकांच्या राखीव प्रदेशातून काढून वाटपासाठी खुली केलेली होती, हेही नोंदवले पाहिजे. एका वंचिताच्या हाती आलेले खोगीर दुसऱ्या वंचिताच्या दारातून ओढून आणलेले असू शकते.

१३/ बोलपटाच्या युगात हे काम हर्ब जेफ्रीज या गायकाने पुढे नेले. त्यांनी मुलाखतींत एक आठवण सांगितली आहे. एक कृष्णवर्णीय मुलगा रडत होता, कारण खेळात त्याला टॉम मिक्स व्हायचे होते आणि सवंगडी म्हणत होते की टॉम मिक्स काळा नसतो. जेफ्रीज भांडवलाच्या शोधात निघाले. अखेर जेड ब्यूएल हा गोरा निर्माता तयार झाला आणि ‘हार्लेम ऑन द प्रेअरी’ आकाराला आला. हार्लेम ही न्यूयॉर्कमधली वस्ती. तिथे ना कुरण, ना गुरे. पण ते नाव वाचताच कृष्णवर्णीय प्रेक्षकाला चित्रपट आपला आहे हे कळे.

१४/ पुढे ‘टू-गन मॅन फ्रॉम हार्लेम’ (१९३८), ‘द ब्राँझ बकारू’ आणि ‘हार्लेम राइड्स द रेंज’ (दोन्ही १९३९) हे चित्रपट आले. चित्रण कॅलिफोर्नियातील व्हिक्टरव्हिलजवळच्या मरे यांच्या रँचवर होई. नोली आणि लेला मरे या कृष्णवर्णीय दांपत्याचे ते ठिकाण. गोऱ्यांच्या पर्यटनस्थळी ज्यांना प्रवेश नव्हता, त्यांना तिथे सुट्टी घालवता येत असे. थोडे दिवस, थोडे पैसे, त्याच वाटा आणि तेच डोंगर पुन्हा पुन्हा, असा हा कारभार होता.

१५/ ‘द ब्राँझ बकारू’ची कथा पाहावी. बॉब ब्लेक मित्राच्या हाकेसरशी ॲरिझोनात येतो, तर मित्र बेपत्ता. त्याच्या जमिनीखाली सोने आहे आणि गावगुंडाला ती हवी आहे. मध्येच गाणी. नायकाचा भाबडा सोबती डस्टी एका शब्दभ्रमकाराच्या करामतीला भुलून ‘बोलणारे’ खेचर विकत घेतो. तमाशातल्या सोंगाड्याशी परिचय असलेल्या मराठी प्रेक्षकाला हा डस्टी परका वाटणार नाही.

१६/ या जगात गोरा माणूसच नाही. नायक काळा, खलनायक काळा, बंदूक चालवणाराही काळा. त्यामुळे वंशभेदही दिसत नाही. याला पलायन म्हणता येईल. त्या वर्षांत अमेरिकेच्या दक्षिणेत झुंडी कृष्णवर्णीयांचे बळी घेत होत्या. पण दुसरी बाजूही आहे. ज्या प्रेक्षकाने पडद्यावर आपल्या माणसाला नोकर, हमाल किंवा भित्रा विदूषक म्हणूनच पाहिले होते, त्याला तासाभरासाठी असे गाव दिसले जिथे न्याय मिळवणारा त्याच्यासारखा होता.

१७/ वर्णाची उतरंड तरीही सुटली नाही. मिश्र वंशाचे जेफ्रीज वर्णाने इतके उजळ होते की कॅमेऱ्यासमोर त्यांना चेहरा गडद करावा लागे. नायिकाही उजळ, हसण्याचा विषय होणारा सोबती मात्र सावळा. मुंबईत नाडियाचे सोनेरी केस झाकावेत असे वाटले, तर कॅलिफोर्नियात जेफ्रीज यांची कांती. दोन्ही ठिकाणी कॅमेऱ्यासमोरचा माणूस बाजाराने मुक्रर केलेल्या रंगात बसतो का, हे आधी पाहिले जाई.

१८/ हे चित्रपट निघू शकले याचे कारण कटू आहे. अमेरिकेत वंशानुसार चित्रपटगृहेच वेगळी होती. दक्षिणेत गोऱ्यांच्या चित्रपटगृहात कृष्णवर्णीयांना प्रवेश मिळालाच, तर तो वरच्या बाल्कनीत. आपल्याकडे बाल्कनी हा महाग तिकिटाचा मान. तिथे ती बहिष्काराची जागा. या विभागणीतून कृष्णवर्णीयांसाठी शेकडो चित्रपटगृहे उभी राहिली आणि त्यांना पुरवठा करण्यासाठी ‘रेस फिल्म्स’चा स्वतंत्र व्यवसाय निर्माण झाला. बहिष्कारानेच बाजार घडवला.

१९/ आता महाराष्ट्राकडे परत यावे. ‘हंटरवाली’ आला त्याच वर्षी, १३ ऑक्टोबर १९३५ रोजी, येवल्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी आपण हिंदू म्हणून मरणार नाही अशी घोषणा केली. अस्पृश्यतेचा प्रश्न त्या वर्षांत पडद्यावरही आला. प्रभातच्या ‘धर्मात्मा’मध्ये (१९३५) बालगंधर्वांनी अस्पृश्यांना जवळ करणारे संत एकनाथ उभे केले. बॉम्बे टॉकीजच्या ‘अछूत कन्या’मध्ये (१९३६) देविकाराणींनी कस्तुरीची भूमिका केली. कस्तुरी शेवटी आगगाडीखाली मरते.

२०/ दोन्ही चित्रपट सद्भावनेने काढलेले होते. पण त्यांत अस्पृश्य पात्राच्या वाट्याला काय येते? एकात त्याला संताने जवळ घ्यायचे आहे, दुसऱ्यात त्याच्या मरणावर प्रेक्षकाने अश्रू ढाळायचे आहेत. घोड्यावर बसून अन्याय करणाऱ्याच्या मागे लागणे त्याच्या नशिबी नाही. करुणेच्या चित्रपटाला प्रतिष्ठा होती, स्टंटपटाला नव्हती. दलित नायकाला मात्र त्या दोन्हींत जागा नव्हती.

२१/ हार्लेमच्या काऊबॉयसारखा दलित स्वार मुंबईच्या स्टुडिओंतून का निघाला नाही, याचे एक उत्तर तिकीट खिडकीवर सापडते. मुंबईच्या चित्रपटगृहातली विभागणी मुख्यतः तिकिटाच्या दराने होई. पिटातल्या बाकावर निरनिराळ्या जातींचे कामगार शेजारी बसत. हा मोकळेपणा मोलाचाच होता. पण त्यामुळे जातीनुसार वेगळा बाजार उभा राहिला नाही, आणि बाजार नाही तिथे भांडवल येत नाही. प्रेक्षक एकत्र बसले. पडद्यावर कोण बसणार, हे ठरवण्याचा अधिकार भांडवलदारांकडेच राहिला.

२२/ म्हणून आपल्याकडे ही भूक पडद्याबाहेर भागली. सत्यशोधक जलशांच्या परंपरेतून १९३० च्या दशकात आंबेडकरी जलसे बहरले. नाशिककडचे भीमराव कर्डक आणि त्यांचे सहकारी गावोगाव फिरले. ढोलकी, डफ, चार साथीदार आणि मोकळी जागा एवढेच त्यांचे भांडवल. गण-गवळणीचा जुना घाट त्यांनी मोडून नवा केला. पाणवठा, शिक्षण, व्यसन, सावकार हे विषय संवादांतून आणि गीतांतून मांडले. नट, गायक, रचनाकार आणि प्रेक्षक एकाच अनुभवातले होते. कृष्णवर्णीय वेस्टर्नचा खरा मराठी भाऊबंद स्टुडिओपेक्षा या जलशांतच शोधावा लागतो.

२३/ आणि एका बाबतीत जलसा हार्लेमच्या पुढे होता. जेफ्रीज यांच्या चित्रपटांत गोरा नव्हता, म्हणून अन्यायाचे नाव घेण्याची वेळ आली नाही. जलशात अन्याय करणाऱ्याला सोंग देऊन मंचावर उभे केले जाई आणि प्रेक्षकांसमक्ष निरुत्तर केले जाई. निर्मात्याच्या नफ्याची अट नसल्यामुळे हे शक्य झाले. उणीव एवढीच की जलशाची रीळ निघत नाही. गाणे गळ्यात राहते आणि गळ्याबरोबर जातेही.

२४/ दोन समाजांची ही तुलना ओढूनताणून आणलेली नाही. जोतीराव फुल्यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ अर्पण केली ती गुलामी नष्ट करणाऱ्या अमेरिकेतील सदाचारी लोकांना. बाबासाहेब १९१३ ते १९१६ या काळात न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात शिकले. हार्लेम तिथून अगदी लगत. १९४६ मध्ये त्यांनी डब्ल्यू. ई. बी. ड्युबॉइस यांच्याशी पत्रव्यवहार केला. १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर स्थापन झाली, तेव्हा नावच ब्लॅक पँथरवरून घेतले गेले.

२५/ उपेक्षेचे परिणामही दोन्हीकडे सारखे झाले. ‘हार्लेम ऑन द प्रेअरी’ हरवला आहे. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट निघाले. त्यांतले अगदी थोडे उरले आहेत. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ साली, म्हणजे बैल गेला आणि झोपा केला अशी अवस्था. परळचा वाडिया स्टुडिओ १९४२ मध्ये व्ही. शांताराम यांच्याकडे गेला आणि तिथे राजकमल कलामंदिर उभे राहिले. राजकमलचा इतिहास मराठी माणूस अभिमानाने सांगतो. त्याच जागेवर चाबूक कडाडत होता, हे मात्र फारसे सांगितले जात नाही.

२६/ २०१६ च्या ‘सैराट’मध्ये आर्ची बुलेट चालवते, ट्रॅक्टर घेऊन येते. नाडियाच्या घोड्याची ही पणती म्हणावी. पण बुलेट आणि ट्रॅक्टर दोन्ही पाटलाच्या घरचे. परश्या तिच्याकडे पाहत उभा असतो. नागराज मंजुळे यांनी वाहन कोणाचे आणि पायी कोण, याचा हिशोब प्रेक्षकापुढे उघडा ठेवला. ऐंशी वर्षांपूर्वी एक मुलगा टॉम मिक्स व्हायचे म्हणून रडला होता. त्याच्यासाठी निदान चार स्वस्त चित्रपट तरी निघाले. चित्रपटाचा इतिहास लिहिताना गाजलेल्या कलाकृतींच्या यादीशेजारी आणखी एक यादी ठेवावी लागेल: कोणत्या मुलाला, कोणत्या वर्षी, पडद्यावर आपल्यासारखा स्वार दिसला.